घरचं बियाणं आणि वर्गणीचा खेळ

१९८०च्या दशकात परभणीच्या कृषी विद्यापीठापुढे भेंडीचा एक पेच होता. दिल्लीच्या संशोधकांनी तयार केलेली ‘पुसा सावनी’ ही जात देशभर लागवडीत होती. फळ कोवळं, हिरवंगार, बाजारात मागणी असलेलं. पण तिला केवडा जडला होता. पांढरी माशी रोग पसरवायची, पानांच्या शिरा पिवळ्या पडायच्या आणि हातातोंडाशी आलेला प्लॉट हळदीत बुडवून काढल्यासारखा दिसायचा. १८ मे १९७२ रोजी स्थापन झालेल्या या विद्यापीठात (आज त्याला वसंतराव नाईकांचं नाव आहे) जांभळे आणि नेरकर या शास्त्रज्ञांनी पुसा सावनीचा संकर मॅनिहॉट नावाच्या भेंडीच्या दूरच्या आप्ताशी केला. संततीतली रोग सोसणारी झाडं निवडली आणि पुन्हा पुन्हा पुसा सावनीशी जोडून मूळ जातीचे गुण परत आणले. त्यातून ‘परभणी क्रांती’ उभी राहिली. या कामाचं स्वरूप नीट पाहण्यासारखं आहे. इथे कुणी नवी भेंडी शोधली नव्हती. दुसऱ्यानं पूर्ण केलेली, चालती-बोलती वस्तू घेतली, तिच्यातलं एक वैगुण्य हेरलं, ते दुरुस्त करणारा तुकडा भलतीकडून आणून बसवला आणि बाकी सगळं होतं तसं ठेवलं. संगणकावरचे गेम खेळणारी मुलं या उद्योगाला ‘मॉड’ म्हणतात.

मॉड म्हणजे खेळणाऱ्यानं गेममध्ये केलेला बदल. तो कधी किरकोळ असतो, घोड्याचा रंग बदलण्याइतका. कधी मूळ खेळ ओळखू येऊ नये इतका मोठा. १० डिसेंबर १९९३ रोजी आलेल्या ‘डूम’चे कर्ते जॉन कारमॅक यांनी खेळ चालवणारं यंत्र आणि त्यात दिसणारा माल, म्हणजे भिंती, राक्षस, आवाज, नकाशे, हे मुद्दाम वेगळ्या फाइलींत ठेवले. यंत्राला धक्का न लावता माल बदलता यावा, हा त्यामागचा हेतू होता. पुढे जे झालं त्याचा अंदाज त्यांनाही नसावा. ‘हाफ-लाइफ’वर दोन हौशी तरुणांनी १९९९मध्ये केलेला मॉड म्हणजे ‘काउंटर-स्ट्राइक’; मूळ कंपनीनं तो विकत घेतला आणि पुढच्याच वर्षी दुकानात ठेवला. ‘वॉरक्राफ्ट ३’मधून ‘डोटा’ निघाला. ‘आर्मा २’ या लष्करी खेळावर ‘डेझी’ नावाचा मॉड झाला, त्या मॉडवर ब्रेंडन ग्रीन यांनी आणखी एक मॉड चढवला आणि त्याच कल्पनेतून २०१७मध्ये ‘पब्जी’ आला. भारतात त्याच्या मोबाइल आवृत्तीवर सप्टेंबर २०२०मध्ये बंदी आली, जुलै २०२१मध्ये तो ‘बॅटलग्राउंड्स मोबाइल इंडिया’ हे नाव घेऊन परतला. जिंतूर किंवा गंगाखेडच्या बस स्थानकावर मोबाइल आडवा धरून बसलेला पोरगा जो खेळ खेळतो, तो असा मॉडचा नातू आहे. परक्याच्या वस्तूत हात घालू दिला म्हणूनच तो जन्मला.

आता गेम घरात यायची रीत बदलली आहे. पूर्वी डबा किंवा सीडी विकत मिळायची, नंतर इंटरनेटवरच्या दुकानातून एकेक गेम विकत घेता येऊ लागला आणि आता महिन्याची वर्गणी भरून शेकडो गेम खेळता येतात. मायक्रोसॉफ्टची ‘गेम पास’ ही योजना २०१७मध्ये कन्सोलवर सुरू झाली आणि २०१९मध्ये पीसीवर आली. गेम आपल्याच संगणकावर उतरतो, आपलीच हार्ड डिस्क भरतो, आपल्याच विजेवर चालतो. पण वर्गणी थांबली की उघडत नाही. गणपतीची वर्गणी देणारा माणूस मूर्ती आपली म्हणत नाही, प्रसादावर समाधान मानतो, तसंच हे. प्रश्न वेगळाच आहे. प्रसाद घरी आणल्यावर त्यात थोडी साखर घालायची मुभा आहे की नाही?

बराच काळ उत्तर ‘नाही’ असं होतं आणि ते कागदावर नव्हे, थेट डिस्कवर लिहिलेलं होतं. विंडोज १०बरोबर मायक्रोसॉफ्टनं आपल्या दुकानातल्या अॅपसाठी नवी बांधणी आणली. ही अॅप ‘विंडोजअॅप्स’ नावाच्या लपवलेल्या फोल्डरमध्ये उतरत. त्या फोल्डरची मालकी संगणकाच्या धन्याकडे नसे. ‘ट्रस्टेडइन्स्टॉलर’ नावाच्या अंतर्गत खात्याकडे असे. अॅडमिनिस्ट्रेटर म्हणून लॉगिन करूनही फोल्डर उघडायला गेलं की परवानगी नाही, असा निरोप मिळे. स्वतःच्या घरातली एक खोली कुणीतरी कुलूप लावून किल्ली घेऊन जावी, असा हा प्रकार. ‘राइज ऑफ द टूम रेडर’ जानेवारी २०१६मध्ये पीसीवर आला, तेव्हा तो ‘स्टीम’ या दुसऱ्या ऑनलाइन दुकानातही होता आणि विंडोजच्या दुकानातही. एकच खेळ, पण स्टीमवरच्या प्रतीच्या फाइली उघड्या, दुसऱ्या प्रतीच्या बंद. त्याच वर्षी मार्चमध्ये ‘एपिक गेम्स’ या गेम बनवणाऱ्या कंपनीच्या टिम स्वीनी यांनी ‘द गार्डियन’मध्ये लेख लिहून या बांधणीला जाहीर विरोध केला. स्वीनी स्वतः मोठे व्यापारी आहेत आणि पुढे त्यांनी स्वतःचं दुकानही थाटलं, तेव्हा त्यांचा राग निव्वळ तात्त्विक होता असं मानायचं कारण नाही. तरी मुद्दा खरा होता.

मग कुलूप हळूहळू सैल झालं. २०१९मध्ये, ज्या निर्मात्यांची तयारी होती अशा मोजक्या गेमसाठी, बदल करता येईल असा वेगळा फोल्डर आला. २०२१च्या अखेरीस गेम पासचे गेम उतरवणारं मायक्रोसॉफ्टचं एक्सबॉक्स अॅप बदललं आणि गेम कुठल्या ड्राइव्हवर, कुठल्या फोल्डरमध्ये उतरवायचा हे खेळणारा ठरवू लागला. आज बहुतेक गेम ‘एक्सबॉक्सगेम्स’ नावाच्या साध्या फोल्डरमध्ये उतरतात, आत ‘कंटेंट’ नावाचा फोल्डर असतो आणि त्यातल्या चित्रांच्या, आवाजांच्या, नकाशांच्या फाइली बऱ्याच वेळा बदलता येतात. मात्र खेळ सुरू करणारी मुख्य फाइल अजून संरक्षित आहे. ती चालवता येते. पण दुसऱ्या प्रोग्रामला ती वाचून तिच्याशी जोडून घेता येत नाही. इथे मॉडच्या जगात दोन जाती पडतात. नुसता माल बदलणारे मॉड वर्गणीच्या प्रतीवरही चालतात. यंत्रालाच नवं कौशल्य शिकवणारे मॉड अडतात. ‘स्कायरिम’ या गेमचे सर्वांत गाजलेले अनेक मॉड ‘स्क्रिप्ट एक्स्टेंडर’ नावाच्या जोडयंत्रावर उभे आहेत आणि त्याच्या कर्त्यांनी स्पष्ट लिहून ठेवलं आहे की विंडोज दुकानातल्या आणि गेम पासच्या प्रतीवर ते चालणार नाही. २०२३मध्ये ‘स्टारफील्ड’ हा गेम पहिल्याच दिवशी वर्गणीत आला, त्याचीही हीच गत झाली.

जिथे वाट अडते तिथे लोक पायवाट काढतात. ‘स्टारड्यू व्हॅली’ हा एरिक बॅरोन यांनी एकट्यानं रचलेला शेतीचा गेम २०१६चा. तो डिसेंबर २०२१मध्ये गेम पासवर आला. त्याचे मॉड ‘स्मापी’ नावाच्या मदतनीस प्रोग्राममार्फत चालतात. पण एक्सबॉक्स अॅप ठरलेल्या नावाचीच फाइल सुरू करतं, स्मापीला ते ओळखत नाही. तोडगा असा निघाला की मूळ फाइलचं नाव बदलून बाजूला ठेवायचं आणि स्मापीच्या फाइलला मूळ गेमचं नाव द्यायचं. अॅप नाव बघतं, दार उघडतं आणि आत भलताच पाहुणा शिरून मग मूळ यजमानाला हाक मारतो. तमाशातला सोंगाड्याही यापेक्षा वेगळं काय करतो! बॅरोन यांचा मॉडला विरोध नाही. उलट मार्च २०२४च्या आवृत्तीत त्यांनी मॉड करणाऱ्यांच्या सोयीसाठी पुष्कळ बदल केले. म्हणजे कर्त्याची हरकत नाही, खेळणाऱ्याची हौस आहे आणि तरीही मधल्या दुकानाच्या रचनेमुळे वेषांतर करावं लागतं. (त्याच गेममध्ये पिकातून बियाणं काढणारं एक यंत्र आहे, ही गोष्ट परभणीच्या वाचकानं लक्षात ठेवावी.)

या साऱ्यावरून सर्वसाधारण निष्कर्ष काढला जातो तो असा: विकत घेतलं की आपलं, वर्गणी भरली की दुसऱ्याचं. मला तो चुकीचा वाटतो. त्याच विंडोजच्या दुकानातून ‘स्कायरिम’ पूर्ण किंमत मोजून घेतला, तरी जोडयंत्र चालत नाहीच, कारण फाइलीची बांधणी तीच. उलट ‘माइनक्राफ्ट’ची जावा आवृत्ती वर्गणीत मिळूनही तिच्यात हवे तेवढे मॉड घालता येतात, कारण तिची बांधणी मुळातच उघडी. म्हणजे बदल करता येईल की नाही हे पैसे कसे दिले यावर ठरत नाही. कुलूप कुठे बसवलं आहे यावर ठरतं. ताबा ही पावतीवरची गोष्ट नाही, वस्तूच्या घडणीतली आहे.

परभणी जिल्ह्यात हे उदाहरण दर खरिपात बांधाच्या दोन बाजूंना उभं असतं. एका बाजूला सोयाबीन. त्याचं परागीभवन स्वतःचं स्वतः होतं, म्हणून परभणी विद्यापीठाची ‘एमएयूएस-७१’ पेरली तर पुढच्या वर्षी घरचंच बी वापरता येतं. कृषी विभागही तसं सांगतो: शंभर दाणे ओल्या गोणपाटात गुंडाळा, सत्तर उगवले तर बियाणं चांगलं. दुसऱ्या बाजूला संकरित कापूस. त्याची सरकी राखून पेरली तर पुढच्या पिढीत गुण विखुरतात. कुठलं झाड उंच, कुठलं खुजं, बोंडं लहानमोठी. म्हणून दर वर्षी नवी पिशवी. सोयाबीनची पिशवी ही खरेदी, कपाशीची पिशवी ही वर्गणी. दोन्हींची पावती मात्र एकाच कृषी सेवा केंद्रातली आणि दोन्हींवर ‘विक्री’ असंच लिहिलेलं. कपाशीच्या बियाण्याला कुलूप आहे ते जीवशास्त्राचं, आणि ते दुष्टपणानं बसवलेलंही नाही. ‘नांदेड-४४’ हा गाजलेला संकर याच विद्यापीठाच्या नांदेडच्या कापूस संशोधन केंद्रानं दिला. संकराचा जोम हवा तर बी राखता येत नाही, हा त्या वाणाच्या घडणीचाच भाग आहे. गेमच्या फाइलीवरच्या कुलपाबद्दल मात्र असं म्हणता येत नाही. तिथे निसर्गाची सक्ती नाही. कुणीतरी ते ठरवून बसवलं आहे, आणि ठरवून बसवलेल्या गोष्टीला कारण विचारता येतं.

बियाण्याच्या बाबतीत भारतानं ते कारण विचारलं. २००१च्या ‘वनस्पती वाण संरक्षण आणि शेतकरी हक्क’ कायद्यानं वाण तयार करणाऱ्याला हक्क दिले. पण त्याच कायद्याच्या कलम ३९नं शेतकऱ्याला संरक्षित वाणाचंही बी राखायची, पेरायची, पुन्हा पेरायची, देवघेव करायची आणि विकायचीही मुभा दिली. अट एकच, संरक्षित वाणाचं लेबल लावलेलं ‘ब्रँडेड’ बियाणं म्हणून ते विकायचं नाही. २०१९मध्ये पेप्सिको कंपनीनं आपल्या नोंदणीकृत बटाट्याच्या वाणावरून गुजरातच्या शेतकऱ्यांवर दावे लावले, तेव्हा याच कलमाच्या आधारानं देशभर ओरड झाली आणि कंपनीनं ते मागे घेतले. कर्त्याचा हक्क आणि वापरणाऱ्याचा हक्क एकाच कायद्यात शेजारी बसू शकतात, याचा हा पुरावा आहे.

गेमच्या बाबतीत असं काहीच नाही, असं समजलं जातं. तेही पूर्ण खरं नाही. आपल्या १९५७च्या कॉपीराइट कायद्यात संगणक प्रोग्राम हा ‘साहित्यकृती’त मोडतो, म्हणजे कायद्याच्या नजरेत गेमचा कोड आणि कादंबरी एकाच फडताळात. पण कादंबरीला नसलेली एक सवलत प्रोग्रामला आहे. १९९९च्या दुरुस्तीनं कलम ५२मध्ये एक पोटकलम आलं: स्वतः कायदेशीरपणे मिळवलेल्या प्रतीवरून, बिगरव्यापारी आणि वैयक्तिक वापरासाठी, प्रोग्रामची प्रत करणं किंवा त्याचं रूपांतर करणं हा हक्कभंग नाही. २०१२मध्ये कुलूप तोडण्याबद्दल शिक्षेचं कलम ६५अ आलं. त्यातही हक्कभंग करण्याचा हेतू असेल तरच गुन्हा, आणि कायद्यानं मना न केलेल्या कामासाठी काही केलं तर ते कलम आड येत नाही, अशी सोय ठेवली आहे. वाद एवढाच उरतो की वर्गणीत उतरवलेली प्रत ही ‘कायदेशीरपणे मिळवलेली’ प्रत आहे का. माझ्या मते ती आहे. पैसे दिले, दुकानानं स्वतःहून उतरवू दिली, मुदत चालू आहे. मग ती बेकायदेशीर कशी? शब्द मिळवण्याबद्दल आहेत, मालकीबद्दल नाहीत. मराठवाड्याला हा फरक समजावून सांगायची गरज पडू नये. १९५०च्या हैदराबाद कूळ कायद्यानं संरक्षित कुळाला मान्यता दिली, तेव्हा जमिनीचा मालक वेगळा आणि कसणारा वेगळा असला तरी कसणाऱ्यालाही हक्क असतात, हे इथे कायद्यानंच नोंदवलं. गेमच्या करारात मात्र बहुधा फक्त मालकाची बाजू छापलेली असते, आणि खेळणारा ती न वाचता ‘मान्य’ दाबतो.

यावर आक्षेप आहेत आणि त्यातले काही वजनदार आहेत. पहिला चोरीचा. मुख्य फाइल उघडी ठेवली तर एका महिन्याची वर्गणी भरून शंभर गेम कायमचे उचलून नेता येतील. हे खरंच आहे, आणि म्हणून त्या एका फाइलीवर पहारा असावा हे मला मान्य आहे. पण पहारा तिजोरीवर असावा, सगळ्या वाड्यावर नव्हे. २०२१पूर्वी जवळजवळ सगळा वाडाच बंद होता. नंतर खोल्या उघडल्या, तिजोरी तशीच राहिली आणि योजना चालूच आहे. म्हणजे आधीचा बंदोबस्त गरजेपेक्षा जास्त होता, हे तो सैल करणाऱ्यांनीच दाखवून दिलं. तिजोरीला हात न लावता जोडयंत्रांसाठी अधिकृत खिडकी ठेवणं हे पुढचं पाऊल. ते उचलायला तंत्राची अडचण कमी आणि इच्छेची जास्त असावी, असा माझा संशय आहे. दुसरा आक्षेप फसवणुकीचा. इतरांशी ऑनलाइन खेळताना भिंतीपलीकडचा शत्रू दिसावा असा मॉड घातला, तर तो हौसेचा प्रश्न राहत नाही, लबाडीचा होतो. कुस्तीच्या फडात अंगाला तेल लावून उतरल्यासारखं ते आहे. तिथे बंदीच हवी. पण एकट्यानं, घरी, कुणाशी स्पर्धा न करता खेळायच्या गेमला तोच नियम लावणं म्हणजे फडाचे नियम तालमीतल्या जोरबैठकांना लावणं.

तिसरा आक्षेप सर्वांत जुना आणि मला सर्वांत विचार करायला लावणारा. कलाकृती कर्त्याची असते; तिच्यात कुणीही आपली भर घालू लागलं तर तिचं रूप राहील काय? या प्रश्नाशी मराठी माणसाचा परिचय चार शतकांहून जुना आहे. गोदावरीच्या वरच्या अंगाला, पैठणात, एकनाथांनी शके १५०६मध्ये, म्हणजे १५८४च्या सुमाराला, ज्ञानेश्वरीच्या हस्तलिखितांत शिरलेले अपपाठ काढून शुद्ध प्रत सिद्ध केली आणि पुढे कुणी त्यात स्वतःची ओवी घुसडू नये अशी कडक ताकीद दिली. मॉडच्या विरोधकांना एकनाथांपेक्षा मोठा साक्षीदार मिळणार नाही. पण त्यांना नेमकं काय खुपलं होतं ते बघावं लागेल. भर घातलेली ओवी मूळ ओवीत मिसळून जायची आणि पुढचा नकलकार ती ज्ञानदेवांचीच समजून उतरवायचा. वाचणाऱ्याला कुठली कुणाची ते कळायला मार्ग नसे. गीतेवर किंवा भागवतावर आपल्या नावानं लिहायला त्यांची हरकत असती, तर त्यांनी स्वतः भागवताच्या एकादश स्कंधावर टीका लिहिलीच नसती. मॉड हा या दुसऱ्या प्रकारात बसतो. तो वेगळी फाइल म्हणून येतो, त्यावर करणाऱ्याचं नाव असतं, मूळ गेम कंपनीच्या सर्व्हरवर अस्पर्श असतो आणि मॉड काढून टाकला की आपल्या डिस्कवरही पूर्वीसारखा होतो. परभणी क्रांतीमुळे पुसा सावनी नाहीशी झाली नाही, दोन्हींची नावं वेगळी राहिली. उलट कर्त्याची मालकी ओलांडण्याचा प्रकार दुसऱ्या बाजूनंही होतो: जानेवारी २०२०मध्ये ‘वॉरक्राफ्ट ३’ची नवी आवृत्ती आली, तेव्हा खेळणाऱ्यांनी तिच्यात रचलेल्या खेळांवरही कंपनीचीच मालकी राहील, असं करारात लिहिलेलं होतं. खेळणाऱ्यांनी रचलेला ‘डोटा’ कंपनीच्या हातातून निसटल्यावर उशिरा आलेला तो शहाणपणा.

आणखी एक आक्षेप सोपा आहे: मॉडची एवढी हौस असेल तर उघड्या दुकानातून गेम विकत घ्या, कुणी अडवलं? अडवतो तो खिसा. मोठा नवा गेम तीन-चार हजारांच्या पुढे जातो. वर्गणी त्याच्या तुलनेत थोडी असते. पाथरी, सोनपेठ, पालमसारख्या तालुक्यांतला विद्यार्थी गेमच्या जगात शिरणार तो बहुधा वर्गणीच्या किंवा फुकटच्या दारानं. आणि मॉड करणं ही संगणक शिकण्याची फार चांगली बालवाडी आहे: फाइलींची रचना कळते, आवृत्त्यांचं भांडण कळतं, एक स्वल्पविराम चुकला की सगळं कोसळतं हे कळतं. मोठ्या गेममध्ये मराठी सहसा नसतेच. एखाद्या गेमच्या संवादांखाली मराठी ओळी याव्यात असं वाटलं, तर ते काम कंपनी करायची वाट बघण्यापेक्षा मॉडच्या वाटेनं होण्याची शक्यता जास्त. ते दार पैसेवाल्यांसाठी उघडं आणि वर्गणीवाल्यांसाठी बंद ठेवायचं असेल, तर त्याला चोरीची भीती सोडून दुसरं काही कारण दाखवावं लागेल.

वर्गणीच्या यादीतून गेम बाहेर पडायचा दिवस येतो, तेव्हा अॅप आधी सूचना देतं आणि वर्गणीदाराला सवलतीत विकत घ्यायची संधी देतं. न घेतला तरी तो डिस्कवरून पुसला जात नाही, फक्त उघडायचा बंद होतो. सेव्ह केलेली प्रगती अॅपच्या स्वतःच्या पद्धतीनं बांधलेली असते, ती दुसऱ्या दुकानातल्या प्रतीत नेताना बऱ्याच गेममध्ये रूपांतर करावं लागतं. मॉडच्या फाइली मात्र साध्या असतात. त्या कॉपी करून पेनड्राइव्हवर ठेवता येतात, कणगीत बाजूला काढलेल्या बियाण्यासारख्या.